एकतिसावी बादली

अशा गोष्टी रात्रीच घडतात असं ज्यांना वाटतं त्यांनी खुशाल वाटून घ्यावं. ही घडली दुपारी चारच्या सुमाराला, लख्ख उजेडात, आणि सुरू झाली ती डोळ्यांत घालायच्या थेंबांच्या बाटलीपासून.

अप्पांची लेक डोळ्यांच्या दवाखान्यात नंबर देण्याच्या खिडकीवर बसायची. वय चाळिशीला टेकलेलं. लग्न आधी जमलं नाही, आणि मग तिनेच तो विषय बंद केला. आई जाऊन अकरा वर्षं झाली होती. तेव्हापासून घरात दोघंच, ती आणि अप्पा. भांडायला दोघं आणि समजूत काढायलाही तीच दोघं. अप्पांच्या डाव्या डोळ्यात मोतीबिंदू पिकत आला होता, थेंब संपले होते, आणि त्या दिवशी दवाखान्यात फारशी गर्दी नव्हती म्हणून बाटली पर्समध्ये टाकून ती लवकर निघाली.

नव्या टॉवरमध्ये येऊन त्यांना चार महिने झाले होते. चौदा मजले, दोन लिफ्ट. नवव्या मजल्यावर यांच्या दोन खोल्या. स्वयंपाकघरात नळ, न्हाणीघरात नळ, हात धुवायला आणखी एक नळ, आणि सगळ्यांना चोवीस तास पाणी. जुन्या इमारतीतली तीस बिऱ्हाडं चिठ्ठ्या टाकून चौदा मजल्यांवर विखुरली होती. मधल्या घरांत सगळे नवे लोक, लिफ्टमध्ये शिरले की मोबाइलमध्ये तोंड घालणारे. जुन्यांपैकी कोणी लिफ्टमध्ये भेटलं की बोलता बोलता आपला मजला निघून जायचा, आणि मग दोघंही हसत पुन्हा खाली यायची.

लिफ्टचं दार उघडलं तर अप्पा पॅसेजमध्ये उभे. अंगात नुसतं बनियन, पाय अनवाणी, आणि तोंड भिंतीतल्या लोखंडी दाराकडे. प्रत्येक मजल्यावर असं एक बुटकं दार होतं. त्याच्यामागे पाण्याचे पाइप तळापासून गच्चीपर्यंत गेले होते आणि बाकी नुसता अंधार. वॉचमन त्याला डक्ट म्हणायचा. ते दार चार बोटं उघडं होतं.

"अप्पा, इथे काय करताय?"

त्यांनी मागे न बघताच हात वर केला. गप्प राहा, असा.

"ऐक..."

ती थांबली. खाली कुठेतरी, फार खाली, कुणीतरी रिकामी बादली ठेवली. पत्र्याची. दगडी फरशीवर. जन्मापासून रोज ऐकलेला आवाज तो, ओळखायला तिला वेळ लागला नाही. मग दुसरी बादली. मग तिसरी, आणि तिची कडी खणकन खाली पडली. दाराच्या फटीतून ओल्या दगडाचा, शेवाळाचा गार वास येत होता. या टॉवरमध्ये दगडी फरशी कुठेच नाही, हे तिच्या नंतर लक्षात आलं.

"रांग लागलीय," अप्पा म्हणाले.

आता ही रांग म्हणजे काय ते सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. जुन्या इमारतीला एकतीस खोल्या होत्या आणि अंगणात नळ एकच. पाणी दुपारी चारला यायचं, जेमतेम पाऊण तास. त्यासाठी उन्हात ताटकळत कोण उभं राहणार? म्हणून रांग माणसांची नव्हती, बादल्यांची होती. घराची एक बादली, तिची जागा ठरलेली, आणि ती बादली म्हणजेच ते घर. अप्पांचा छापखाना बंद पडला तेव्हापासून नळाचा कारभार त्यांच्याकडे आला. पाणी आलं की ते बादली बघायचे आणि हाक मारायचे, "कंपाउंडर...", "शाळेच्या बाई...", "तिसऱ्या मजल्याचा कोपरा...", की ते ते माणूस जिन्यावरून धडधडत उतरायचं. पगार छदाम नाही, पण रुबाब मोठ्या साहेबाचा. पाणीवाले अप्पा म्हटलं की उनाड पोरंसुद्धा नळाजवळ नीट वागायची.

आणि एक पद्धत होती. कोणी बाहेरगावी गेलं की शेजारचं माणूस त्याची बादली पालथी घालून ठेवायचं. पालथ्या बादलीला हाक मारायची नाही, ओलांडून पुढे जायचं. माणूस परत आलं की आपल्या हाताने बादली सरळ करायची, जागा तीच, तक्रार नाही. इतकी साधी, शहाणी पद्धत. तिच्यापायी कुणाचं घर जाईल असं कुणाच्या स्वप्नातही आलं नसतं.

इमारत पुनर्विकासाला गेली तेव्हा बांधकाम कंपनीचा एक माणूस रहिवाशांची यादी करायला आला. अंगाने जाड, जिन्याकडे बघूनच त्याला घाम फुटला. नेमका आला चार वाजता. म्हणाला, "अप्पा, तुम्हाला सगळे तोंडपाठ. तुम्ही सांगत जा, मी लिहीत जातो." अप्पांना हसू आलं, जरा बरंही वाटलं. तीस वर्षांच्या सवयीने त्यांनी नजर रांगेवर टाकली आणि पहिल्या बादलीपासून सुरुवात केली. धडाधड नावं सांगितली. यादीवाल्याने लिहून घेतली, खाली सही घेतली आणि थंडगार सरबत पिऊन तो गेला. मोजून तीस नावं झाली. रांगेत बादल्या होत्या एकतीस, आणि त्यातली एक पालथी होती.

ती होती जिन्याखालच्या खोलीतल्या शिवणवाल्या बाईंची. एकटी बाई, शाळेचे गणवेश शिवून पोट भरणारी, कुणाच्या अध्यात ना मध्यात. आजारी बहिणीचं करायला म्हणून दोन महिने गेल्या होत्या. परत आल्या, बादली सरळ केली, आणि मग कळलं की आपलं नाव यादीत नाही. अप्पा त्यांना घेऊन कंपनीच्या कचेरीत गेले. परत आले ते तोंड पाडून. काही होत नाही म्हणतात, एवढंच त्यांनी लेकीला सांगितलं.

इमारत पाडायच्या दिवशी सगळे सामानाच्या टेम्पोत बसत होते तेव्हा बाई नळाशी बसल्या होत्या, बादली शेजारी घेऊन. कुणीतरी विचारलं, "बाई, तुम्ही कुठे जाणार?" तर म्हणाल्या, "पाणी आलं की जाईन." पाणी तर आदल्याच दिवशी तोडलं होतं. त्यानंतर बाईंना कुणी पाहिलं नाही. बहिणीकडे गेल्या असतील असं सगळ्यांनी एकमेकांना सांगितलं, आणि ते सगळ्यांना पटलंही. टॉवर बांधून होईपर्यंत सगळे कंपनीच्या तात्पुरत्या खोल्यांत राहत होते, तिथे दोन महिन्यांनी बहीणच विचारत आली, काठी टेकत टेकत. तिला पाणी दिलं, खुर्ची दिली. सांगायला कुणाकडे काही नव्हतं.

तर तो डक्टमधला आवाज. लेकीने आधी तो झटकूनच टाकला. खाली कुठेतरी काम चाललं असेल, पाइपमधून आवाज काय कसेही येतात. अप्पांना हाताला धरून आत आणलं, डोळ्यात थेंब घातले, चहा केला. पण दुसऱ्या दिवशी चारला अप्पा पुन्हा तिथेच. तिसऱ्या दिवशीही. शेजारच्या नव्या बाईने तोंड वाकडं करून सांगितलं, "तुमचे वडील रोज त्या दारात तोंड घालून काहीतरी पुटपुटतात हं." लेकीने दार लावून घेतलं. म्हाताऱ्याचं डोकं फिरायला लागलं की काय? आपल्यामागे हे दिवसभर घरात एकटे. उद्या लिफ्टऐवजी भलतीकडेच पाऊल टाकलं तर? तिला या जगात दुसरं होतं कोण?

म्हणून त्या गुरुवारी ती मुद्दाम लवकर आली आणि अप्पांच्या शेजारी उभी राहिली.

बादल्या येत होत्या. अप्पा डोळे मिटून बोटांवर मोजत होते. "ही शाळेच्या बाईंची... ही आपली... ही कंपाउंडरची, कडी सैल आहे बघ..."

"अप्पा, कंपाउंडरकाका सहाव्या मजल्यावर बसून टीव्ही बघतायत. त्यांनी ती बादली कधीच भंगारात दिली."

"दिली असेल," अप्पा म्हणाले. "रांगेतून कुठे काढली?"

तीस झाल्या. मग शांतता. पाइपमध्येसुद्धा पाणी सरकेना. आणि मग एक वेगळाच आवाज आला. पत्रा दगडावर घासत गेला, सावकाश, जणू ताकद कमी असलेलं माणूस पालथं भांडं उचलून सरळ करतंय. ठक्.

अप्पांनी डोळे उघडले. "बाईंनी बादली सरळ केली."

कुठल्या बाई, असं तिने विचारलं नाही. ती अप्पांचा दंड धरून त्यांना मागे ओढायला लागली, तेवढ्यात खालून आणखी एक आवाज आला. सैल कडी खणखणली, आणि एक बादली पालथी पडली.

"कंपाउंडरची..." अप्पा म्हणाले. "अगं, त्यांची का? ते तर घरात आहेत..."

शुक्रवारी सकाळी दवाखान्यात जाताना ती सहाव्या मजल्यावर उतरली. उगाच, मनाची खात्री म्हणून. कंपाउंडरकाकांच्या दारावर पाटी नव्हती. दाराला कुलूप, कुलपावर बोटभर धूळ. तिने तरीही बेल वाजवली, मग दारावर थापा मारल्या. कोणी आलं नाही. खाली वॉचमनला विचारलं तर तो म्हणाला, "ते घर रिकामंच आहे ताई, पहिल्यापासून." चेष्टा करतोय म्हणावं तर चेष्टा करणारा माणूस नव्हता तो. तिने काकांचा फोन लावला. हा नंबर अस्तित्वात नाही, असं यंत्रातली बाई गोड आवाजात म्हणाली. लहानपणी या माणसाने तिला इंजेक्शनं दिली होती, रडली की हातावर गोळी ठेवली होती. ती दवाखान्यात न जाता उलट्या पावली वर आली.

अप्पा खुर्चीत बसले होते. तिने सांगितलेलं सगळं त्यांनी ऐकून घेतलं. त्यांना नवल वाटलं नाही, हेच तिला सगळ्यात जास्त लागलं.

"घरं तीसच आहेत ना," ते म्हणाले. "एक आलं तर एक जाणार."

"हे कोण म्हणालं तुम्हाला?"

"यादीवाला म्हणाला होता. त्या दिवशी कचेरीत." अप्पा आपल्या तळहाताकडे बघत बोलत होते. "मी त्याला म्हटलं, चूक माझी, पालथी बादली होती म्हणून हाक मारली नाही. तो म्हणाला, यादी बंद झाली. घरं तीस, नावं तीस. एक घालायचं तर एक काढायला लागेल. पेन उघडून बसला होता गं. म्हणाला, सांगा अप्पा, कुणाचं काढू?"

"मग?"

"बाई माझ्याकडे वळल्या. रागाने नाही. कापडाचं माप विचारावं तसं विचारलं, अप्पा, कुणाचं काढताय?" त्यांनी तळहात मिटला. "मी काही बोललो नाही. पेनाकडे बघत राहिलो. बाईच शेवटी म्हणाल्या, राहू दे. आणि आम्ही चालत परत आलो. वाटेत त्यांनी मला रस्ता ओलांडायला हात दिला."

लेकीला रडू आलं. बापाचा राग आला, त्याची दयाही आली, आणि आपण या घरात चार महिने किती सुखाने पाण्याचा नळ सोडत होतो तेही आठवलं. पण तिने डोळे पुसले. "तुम्ही कुणाचं सांगणार होतात? कुणाचं सांगता आलं असतं?"

त्या दिवशी चारला ते डक्टकडे गेले तेव्हा तिने अडवलं नाही. त्यांनी लोखंडी दार उघडलं, अंधारात तोंड घातलं आणि नळावर हाक मारायचे त्याच आवाजात, पण हळू, म्हणाले, "बाई, कंपाउंडरचं नको. त्यांचा काही दोष नाही. उद्या सांगतो..." खाली सैल कडी वाजली. कुणीतरी बादली सरळ केली.

संध्याकाळी बेल वाजली. दारात कंपाउंडरकाका, मागे काकू. काकूंचे डोळे सुजलेले. काका आत येऊन मटकन बसले.

"काल दुपारपासून आमच्याशी कुणी बोललंच नाही गं," ते म्हणाले. "दुकानदार बोलेना, वॉचमन बोलेना. मी समोर उभा राहून ओरडलो तरी बघेना. सकाळी तू आलीस, दार वाजवलंस. मी दार उघडलं. तुझ्यासमोर उभा होतो मी, एवढा हातभर अंतरावर. आणि तू... तू कुलूप बघत होतीस."

तिने त्यांच्या हाताला हात लावून बघितला. गरम होता, खरा होता.

शनिवारी तिने रजा टाकली. तीन वाजता घराला आतून कडी घातली, खिडक्या लावल्या, अप्पांना पलंगावर बसवलं आणि त्यांचा हात दोन्ही हातांत घट्ट धरून शेजारी बसली. कुठेच जाऊ द्यायचं नाही, एवढंच तिने ठरवलं होतं. अप्पा निमूटपणे बसून राहिले. एकदा फक्त म्हणाले, "हात दुखेल तुझा."

चारला बाहेर कुठेच आवाज झाला नाही. आवाज झाला तो न्हाणीघरातल्या नळात. घशात काही अडकल्यासारखा तो घरघरला, आणि घरभर तो वास पसरला, ओल्या दगडाचा. मग बाहेरच्या पॅसेजमध्ये पावलं वाजली. ओल्या, अनवाणी पायांची. ती यांच्या दाराशी येऊन थांबली, आणि दाराबाहेर बादली ठेवल्याचा आवाज आला.

"अप्पा..." बाहेरून हळू आवाजात विचारलं गेलं. "कुणाचं काढताय?"

लेकीने त्यांच्या कानाशी तोंड नेलं. पुढचे शब्द आपल्याच तोंडातून आले हे तिला पुढे कितीतरी दिवस खरं वाटलं नाही. "अप्पा, कुणाचंही सांगा... अकराव्यावर ती म्हातारी आहे ना, जुन्यांतलीच... एकटी असते. तिचं कोणी नाही. तिचं सांगा..."

अप्पांनी मान वळवून तिच्याकडे पाहिलं. एका डोळ्यात मोतीबिंदू, दुसऱ्यात पाणी.

"बाईंचंही कोणी नव्हतं, पोरी," ते म्हणाले. "म्हणून तर ते सोपं गेलं सगळ्यांना."

तिने मान खाली घातली. अप्पा दाराच्या दिशेने बघून काहीतरी बोलले, अगदी खाजगीतलं बोलावं तसं. बाहेरून उत्तर आलं, पण नळाच्या घरघरीत तिला ते ऐकू आलं नाही. अप्पांना आलं असावं, कारण त्यांनी मान हलवली. मग बादली उचलल्याचा आवाज झाला आणि ती ओली पावलं लांब गेली.

"काय म्हणाल्या?"

"ऐकलं त्यांनी माझं," अप्पा म्हणाले. "झालं आता. मिटलं."

"नक्की?"

"नक्की. चहा टाक. आज साखर घाल नीट, डॉक्टरला काय कळतंय."

तिने दार उघडून बघितलं. उंबऱ्याबाहेर फरशीवर एक ओलं गोल वर्तुळ उमटलं होतं. तिने ते फडक्याने पुसलं आणि दोन कप चहा केला. त्या संध्याकाळी अप्पा भरभरून बोलले. छापखान्यातल्या गमती, नळावरची भांडणं, तिची आई लग्नानंतर पहिल्यांदा बादली घेऊन खाली आली तेव्हा लाजून कशी रांग मोडून पुढे गेली, ते. हसून हसून दोघांच्याही डोळ्यांत पाणी आलं. कितीतरी महिन्यांनी घर घरासारखं वाटलं. रात्री ती पलंगाशेजारी खाली अंथरूण घालून झोपली आणि तिला गाढ झोप लागली.

रविवारी दवाखाना अर्धा दिवस चालायचा. ती जायला तयार नव्हती. अप्पांनीच तिला ढकललं. "रजा किती टाकशील? मिटलं म्हटलं ना. जा, लोक आंधळे व्हायचे तुझ्यावाचून." दारापर्यंत आले. लिफ्ट येईपर्यंत उभे राहिले, आणि ती आत शिरल्यावर त्यांनी हात हलवला. पूर्वी ते असं कधी करत नसत.

दवाखान्यात एका म्हाताऱ्याचं ऑपरेशन लांबलं. सुटायला उशीर झाला. बस मिळेना. टॉवरच्या फाटकातून ती आत आली तेव्हा घड्याळात सव्वाचार झाले होते. ती लिफ्टकडे जवळजवळ पळतच निघाली होती, तेवढ्यात वॉचमनने अडवलं.

"ताई, रजिस्टरवर तुमची सही राहिलीय. मॅनेजर थांबलेत. दोन मिनिटांचं काम."

सोसायटीच्या ऑफिसात मॅनेजर होता आणि कोपऱ्यातल्या खुर्चीत कंपाउंडरकाका पेपर वाचत बसले होते. तिला बघून ते ओळखीचं हसले. मॅनेजरने जाड रजिस्टर तिच्यापुढे फिरवलं आणि बोट ठेवलं. "नववा मजला. राहणारी माणसं दोन. वाचा आणि करा सही."

पहिल्या ओळीत तिचं नाव होतं. दुसऱ्या ओळीत एका बाईचं. ते नाव तिच्या आईचं नव्हतं. पूर्वी एका दारावर, 'येथे कपडे शिवून मिळतील' याच्याखाली लिहिलेलं ते नाव तिने शाळेत जाता येता वाचलं होतं. पुढे नात्याच्या रकान्यात लिहिलं होतं, आई. अक्षर तिचंच होतं. चार महिन्यांपूर्वी याच टेबलाशी उभं राहून, याच निळ्या शाईत, तिने त्या जागी 'वडील' लिहिलं होतं.

"हे चुकलंय," ती म्हणाली. "माझे वडील राहतात माझ्याबरोबर. अप्पा."

"कोण अप्पा?"

"अहो, पाणीवाले अप्पा. काका, सांगा ना यांना."

काकांनी चष्मा काढला. त्यांच्या चेहऱ्यावर खोटेपणा नव्हता, नुसती काळजी होती. "पाणीवाले कोण गं? नळावर आपण आपापलेच जायचो की. बादल्या बघून." मग मॅनेजरकडे वळून ते हळूच म्हणाले, "दमलीय पोरगी. दिवसभर काम असतं."

तिला सगळं आठवत होतं, हीच तर पंचाईत होती. कालचा चहा आठवत होता, त्यातली जास्तीची साखर आठवत होती. ती टेबलाला धरून सावकाश वळली. ऑफिसात त्या तिघांशिवाय कोणी नव्हतं. पाठीमागची जागा रिकामी होती, दारापर्यंत. तिने त्या रिकाम्या जागेत हात पुढे केला, आणखी पुढे केला, बोटं पसरली.

"अप्पा... इथेच उभे आहात का...?"

काका आणि मॅनेजर एकमेकांकडे बघत राहिले. तेवढ्यात टेबलावरचा इंटरकॉम वाजला. मॅनेजरने उचलला, दोनदा हो हो म्हणाला आणि तिच्याकडे बघून समजूतदारपणे हसला.

"तुमच्या आई आहेत. विचारतायत, खाली आली असेल तर वर पाठवा. सकाळी उपाशीच गेलीय म्हणाल्या."

सकाळी ती खरंच काही न खाता निघाली होती. ते फक्त अप्पांना माहीत होतं.